धाकटीचा आकडा

३ नोव्हेंबर, सोमवार

आजपासून घरचंही लिहायचं ठरवलं. कामावर बाई रोज लिहायला लावतात. हवा कशी होती, रस्ता ओला होता की कोरडा, चाकांत हवा किती, वाटेत किती वेळा थांबलात. चार महिने हे लिहून हाताला सवय लागली, आणि मनात आलं की गाडीचं एवढं लिहितो, तर आपलं का नको? ही म्हणाली, "लिहा लिहा. तेवढाच वेळ गप्प बसाल."

आमच्या हिचं बरोबर आहे. जन्मभर बस चालवली आणि निवृत्त झालो, तेव्हा घरात माझं काय करायचं हे हिला कळेना आणि मलाही कळेना. डबे पुसून उलटे लावायचो, ही ते परत सुलटे करायची. अशात विजेच्या गाड्या बनवणाऱ्या कंपनीतून बोलावणं आलं. चाचणी विभागाच्या प्रमुख बाई म्हणाल्या, "काका, कॉलेजला असताना मी तुमच्या बसने जायचे. उभी राहून पुस्तक वाचायचे, कशाला धरावं लागायचं नाही. तसा ड्रायव्हर मला हवाय." या वयात कुणी असं म्हणून काम देतं का? मी तर खुर्चीतून उठून हातच जोडले.

कंपनीच्या गाड्या तीन. नावं परदेशी आहेत, माझी जीभ वळत नाही, म्हणून मी त्यांना थोरली, मधली आणि धाकटी म्हणतो. थोरली सात माणसांची, वजनदार, दारं स्वतःच मिटून घेणारी. मधली तापट, पाय लावला की निघालीच. आणि धाकटी लहानशी, स्वस्तातली, मागे तिघं बसायचे तर एकजण बारीक हवा. माझ्याकडे धाकटी आहे. सकाळी बॅटरी भरून घ्यायची, शहर, मोठा रस्ता आणि घाट अशा ठरलेल्या वाटेवर फिरत राहायचं आणि ती थकून उभी राहील तिथे आकडा लिहायचा. हेच माझं काम. मला कुणी विचारलं असतं काय काम करायला आवडेल, तर मला हे सुचलंही नसतं.

६ नोव्हेंबर, गुरुवार

आज तीनशे बारा किलोमीटर! बाकीचे ड्रायव्हर दोनशे तीस-चाळीसच्या पुढे जात नाहीत. तोच रस्ता, तीच गाडी. एकाने तर बॅटरी बदलून दिली का म्हणून विचारलं.

यात जादू काही नाही. पाय अलगद ठेवायचा. लांबवर लाल दिवा दिसला की तेव्हाच उचलायचा, म्हणजे गाडी आपोआप मंद होते आणि होता होता थोडी वीज बॅटरीत परत टाकते. उतारावर तर ती कमावतेच. ब्रेक म्हणजे आपली चूक, असं मी बसवर शिकलो. आणि थंडी वाजली तर हीटर कशाला, स्वेटर कशासाठी असतो?

संध्याकाळी विक्रीचे साहेब वरच्या मजल्यावरून स्वतः खाली आले. खांद्यावर हात ठेवला, म्हणाले, "काका, तुम्ही आमचा हिरा आहात." त्यांच्या खोलीत नेऊन चहा पाजला, कपबशीत. एवढा मोठा माणूस, पण गर्व म्हणून नाही. बाईंनी मात्र आकडा बघितला आणि एवढंच म्हणाल्या, "उद्या हीटर लावून करा." चांगलं झालं म्हणून दोन शब्द बोलायला काय जातं? पण त्यांचा स्वभावच तसा दिसतो.

१४ नोव्हेंबर

मोठ्या गिऱ्हाइकांना मधलीची ताकद दाखवायची होती. मला मागे बसवलं, आसन भरलेलं दिसावं म्हणून. ड्रायव्हरने पाय दाबला आणि माझी टोपी मागच्या काचेला जाऊन चिकटली. माझा जीव अजून सुरुवातीच्या रेषेवरच होता. थांबल्यावर एका गिऱ्हाइकाने विचारलं, कसं वाटलं. मी म्हटलं, "छान. पण भाजी आणायला नको." सगळे हसले. साहेबही हसले.

बाईंनी परत हीटर लावून पळवायला सांगितलं. सलग चौथा दिवस. दोनशे पासष्टच आले. माझा आकडा मुद्दाम पाडायचा विचार आहे की काय, कळत नाही. त्या लिहून घेतात आणि फायलीत लावून टाकतात.

२२ नोव्हेंबर, शनिवार

फाटकावर पाटी लागली. धाकटीचं मोठं चित्र आणि खाली, "प्रत्यक्ष रस्त्यावर, एका चार्जमध्ये ३१२ किलोमीटर". माझं नाव कुठे नाही, पण ते माझेच किलोमीटर आहेत. हिला मुद्दाम दाखवायला नेलं, पाटीसमोर उभं करून फोटो काढला. ही चष्मा पुसून बराच वेळ बघत होती. मग म्हणाली, "म्हणजे कुणीही चालवली तरी एवढी जाते?" मी म्हटलं, गाडी तीच, रस्ता तोच, मग का नाही जाणार? ही "हं" म्हणाली.

दुसरी आनंदाची गोष्ट म्हणजे लेकीने धाकटी घेतली. लेक सुईण आहे. शिकलेली, परीक्षा दिलेली, आरोग्यखात्यातली. डोंगरावरच्या वस्त्यांमध्ये घरोघरी जाऊन बाळंतपणं करते. तिची जुनी पेट्रोलची गाडी धापा टाकून टाकून एकदाची मेली. मला फोन करून विचारलं, "बाबा, लांबची घरं असतात माझी. नक्की पुरेल ना?" मी म्हटलं, "अगं, तुझ्या बापाच्या पायाखालून गेलेली गाडी आहे. डोळे मिटून घे." लगेच घेतली. बापाचा शब्द एवढा मानणारी मुलगी असायला भाग्य लागतं.

१ डिसेंबर

थंडी सुरू झाली. लेक हल्ली वरचेवर येते. पूर्वी पंधरा-पंधरा दिवस तोंड दिसायचं नाही, आता आठवड्यातून तीनदा. दुपारीच येते, गाडी आमच्या अंगणातल्या प्लगला लावते, जेवते आणि सोफ्यावर आडवी होते. दोन-तीन तास तर सहज थांबते. बॅटरी जराशी भरली की मी उठवतो आणि ती निघते. लग्न झालेली मुलगी एवढ्या मायेने येऊन बसते, आणखी काय हवं? नवीन गाडीचे उपकारच म्हणायचे. मी हिला तसं म्हणालो. ही आता रोजच एक माणूस जास्त धरून स्वयंपाक करते.

९ डिसेंबर, मंगळवार

आज लेकीच्या गाडीत डोकावलो आणि ऊर भरून आला. हीटर बंद. हातात लोकरीचे मोजे, अंगावर दोन कोट आणि मांडीवर गरम पाण्याची रबरी पिशवी. मी विचारलं, तर हसून म्हणाली, "तुमच्याकडूनच शिकले." कामावर सगळ्यांना सांगितलं की गुण रक्तात असतो. बाई तिथेच उभ्या होत्या. त्यांनी विचारलं, "रोज हीटर बंद ठेवते का ती?" मी अभिमानाने हो म्हटलं. त्या सरळ खोलीत गेल्या आणि दार लावून घेतलं. कुणाचं चांगलं बघवत नाही काही लोकांना.

१८ डिसेंबर

लेक आली ती गुडघ्यापर्यंत चिखलाने भरलेली. अंगात कुणातरी पुरुषाचा ढगळ स्वेटर. मी विचारलं तर म्हणाली, पाऊलवाट घसरडी होती. ही तिला आत घेऊन गेली आणि नळ सोडून दोघी बराच वेळ कुजबुजत होत्या. मायलेकींचं गुपित, आपण कशाला मध्ये पडा?

कंपनीत गिऱ्हाइकांच्या तक्रारी येताहेत की धाकटी म्हणावी तेवढी जात नाही. साहेब मला म्हणाले, "काका, गाडीत दोष नाही. लोकांना चालवता येत नाही." मला पटलं. हल्लीचे लोक पाय ठेवत नाहीत, आपटतात.

२ जानेवारी, शुक्रवार

आज लेकीशी वाजलं. वाजलं म्हणजे मीच बोललो. तिचा आकडा बघितला, तर माझ्यापेक्षा खूपच कमी. म्हटलं, "हीटर नाही, काही नाही, तरी एवढंच? तुझा पाय जड आहे." ती जेवत होती. घास खाली ठेवून तिने माझ्याकडे बघितलं. मला वाटलं आता भांडेल. पण म्हणाली, "मग शिकवा. पुढच्या शुक्रवारी या माझ्याबरोबर." हिने माझ्या ताटात भाजी वाढली ती जरा आपटूनच.

९ जानेवारी, शुक्रवार

आजचं नीट लिहून ठेवायला हवं.

सकाळी लेकीबरोबर निघालो. तीन घरच्या तपासण्या होत्या. मी शेजारी बसून शिकवत होतो. आत्ता उचल, आत्ता ठेव, पुढचं वळण बघ. पोरगी निमूटपणे ऐकत होती. आणि खरं सांगायचं तर शिकवण्यासारखं फार नव्हतंच. छान चालवत होती. तरीही पडद्यावरचा आकडा घसरत होता, कारण रस्ता सगळा चढाचा आणि थंडी अशी की काचेला आतून बाष्प धरत होतं.

तिसरं घर झालं आणि फोन आला. वरच्या वस्तीतल्या एका बाईला कळा सुरू झाल्या होत्या. तारीख पुढची होती. नवरा घाबऱ्याघुबऱ्या आवाजात बोलत होता, तो मलाही ऐकू येत होता. लेकीने त्याला पाणी तापवायला सांगितलं, इतक्या शांतपणे की जणू चहाच टाकायचाय. फोन ठेवला आणि मला म्हणाली, "दुसरी खेप आहे बाबा. पहिल्या वेळी तासाभरात मोकळी झाली होती."

गाडी वर वळली. मी सवयीने म्हटलं, "हळू. चढावर सगळ्यात जास्त खाते ही." ती हळू झाली. दोन वळणं गेली आणि मग ती समोर बघतच बोलली.

"बाबा, मला तुमच्यासारखं चालवता येतं. पण ती बाई माझ्यासाठी थांबणार नाही."

तिने फोन बघायला एक मोजा काढला होता, तो घालायला मी मदत केली आणि तिची बोटं माझ्या हाताला लागली. गारठलेली, अगदी कडक. नखं निळसर. मी विचारलं, हीटर का लावत नाहीस. म्हणाली, लावला की चाळीस-पन्नास किलोमीटर तिथेच जातात, मग परतीला पुरत नाही. मी विचारलं, अख्खी थंडी अशीच काढलीस?

"अगं, या हातांनी बाळ धरणार तू?"

"पोचले की गरम पाण्यात बुडवते. वेळ मिळाला तर."

मी हीटर लावला. माझ्या हाताने लावला. पडद्यावरचा आकडा तिथल्या तिथे खाली आला, तिने तो बंद करायला हात पुढे केला, तर मी तो हात धरून ठेवला. आणि मी, ज्याने जन्मात कधी पाय दाबला नाही, मी तिला म्हटलं, "दाब." ती माझ्याकडे बघायला लागली. "रस्ता बघ, माझ्याकडे काय बघतेस? दाब म्हणतो ना."

पोचलो तेव्हा बॅटरीत नऊच किलोमीटर उरले होते. ती पिशवी घेऊन आत पळाली. मी बाहेरच्या खोलीत त्या नवऱ्याजवळ बसलो. त्याने विचारलं, तुम्ही डॉक्टर का? मी म्हटलं, नाही, बसवाला. तो बिचारा म्हणाला, बरं झालं. का बरं झालं ते त्यालाही माहीत नसावं. त्याला धीर यावा म्हणून मी माझ्या बसमधल्या गोष्टी सांगत बसलो, आणि अर्ध्यातच आतून रडणं ऐकू आलं. मुलगी झाली. दोघी सुखरूप. नवरा माझ्याच गळ्यात पडून रडला, आणि मला तरी कुठे आवरलं?

मग लेक बाहेर आली आणि डिकीतून लांब वायर काढली. खिडकीतून आत घेऊन कोणत्या प्लगला लावायची ते तिने विचारूनही घेतलं नाही. खिडकीच्या फटीतून वारा येऊ नये म्हणून जुन्या चादरीचा बोळा कोंबला. बोळा तयारच होता, त्या फटीच्या मापाचा शिवलेला. तो बघितल्यावर मला सगळं उमगायला लागलं. मी विचारत गेलो आणि ती सांगत गेली. साध्या प्लगवर चार-चार तास लोकांच्या घरात बसून राहणं. अठरा डिसेंबरला गाडी टेकडीखाली बंद पडली होती, ती चिखलातून चालत वर गेली. पोचली तेव्हा शेजारणीनेच बाळ झेललं होतं. ठणठणीत होतं, पण ते नशीब. वरच्या दवाखान्यात चार्जर बसवा म्हणून तिने खात्याकडे दोनदा मागणी केली, तर त्यांनी तिला आमच्या कंपनीची जाहिरात दाखवली. तीनशे बारा जाते ना गाडी, मग चार्जर कशाला?

"आणि आमच्याकडे येतेस ते?" मी विचारलं.

"भेटायलाच येते," ती म्हणाली. "चार्जिंगला कुठेतरी थांबायचंच असतं, तर तुमच्याकडे थांबते."

"मला सांगायचं नाहीस का?"

"कशी सांगणार, बाबा? आईला त्या पाटीसमोर उभं करून फोटो काढलात तुम्ही."

१० जानेवारी

हिला विचारलं, तुला माहीत होतं? म्हणाली, पहिल्या आठवड्यापासून. मग बोलली का नाहीस? ही भांडी पुसत होती. म्हणाली, "एवढ्या वर्षांत तुम्हाला कुणी हिरा म्हणालं नव्हतं. म्हटलं, थोडे दिवस राहू द्यावं. चुकलंच माझं." मी म्हटलं, तुझं नाही चुकलं. या बाईने माझ्याशी लग्न केलं, हे माझ्यावर किती मोठे उपकार आहेत ते मी कधी तिला सांगितलं नाही. आज सांगितलं. म्हणाली, "बरं, आता तो टॉवेल द्या इकडे."

१२ जानेवारी, सोमवार

सकाळीच बाईंकडे गेलो. उभ्यानेच म्हटलं, "बाई, तो आकडा गाडीचा नाही. माझा आहे. कमी करा."

बाईंनी दार लावलं आणि मला बसवलं. मग फाईल काढली. पहिल्या दिवसापासून त्या हेच म्हणत होत्या. हीटर लावून मला पळवत होत्या, ते दाखवायला आकडे हवेत म्हणून. मला वाटत होतं माझ्यावर राग आहे. त्या म्हणाल्या, गाडी जास्तीत जास्त काय देऊ शकते ते कळावं म्हणून तुम्हाला आणलं, काका, ते पाटीवर लिहायला नव्हे. प्रत्येक बैठकीत सांगितलं, पण तिथे त्यांना घाबरट म्हणून गप्प करतात. तुम्ही सांगितलंत तर कदाचित ऐकतील. मला इतकी लाज वाटली. या बाईबद्दल मी इथे काय काय लिहून ठेवलंय!

दुपारी दोघं वर गेलो. साहेबांनी नेहमीसारखा चहा मागवला. मी काय झालं ते सांगितलं, लेकीच्या बोटांपर्यंत सगळं. साहेब वाईट माणूस नाहीत, ऐकताना त्यांचा चेहरा उतरला. पण म्हणाले, "काका, समोरची कंपनी तीनशे लिहिते. आपण दोनशे-सव्वादोनशे लिहिलं तर धाकटीकडे कोण बघेल? धाकटीच बंद करावी लागली तर?"

"माझी लेक बघेल, साहेब," मी म्हटलं. "तिला तीनशे नको होते. खरे हवे होते."

त्यांनी पेन खाली ठेवलं. मग त्यांनी विचारलं, आकडा गेला की तुमच्या कामाचं काय होईल, कळतंय ना? मी हो म्हटलं. खरं तर तोपर्यंत डोक्यातही आलं नव्हतं. खाली येऊन धाकटीत बसलो तेव्हा ते लक्षात आलं. परत घरी, परत ते डबे. पण उठून वर जावं आणि शब्द मागे घ्यावा, असं काही वाटलं नाही. चहा मात्र आज कपात तसाच राहिला होता.

२१ जानेवारी, बुधवार

साहेबांनी शेवटी होकार दिला आणि नवी चाचणी झाली. बाईंनी चार साधी माणसं निवडली. कँटीनचा आचारी, हिशेबनीस, स्वागतकक्षातली मुलगी, आणि सुट्टी काढून आमची लेक. हीटर लावायचा, घाईत असल्यासारखं चालवायचं. प्रत्येकाला एक दिवस, आणि मी मागे बसायचं, एक अक्षर बोलायचं नाही. बाईंनी असं दोनदा बजावलं. आचारी ब्रेक मारतो तो कांदा चिरल्यासारखा, सारखा. मी तोंडात रुमाल धरून बसलो होतो. हिशेबनीस अगदी शेवटच्या क्षणी लाल दिवा बघतो. तोंडातला रुमाल फाडायचाच काय तो बाकी ठेवला.

सरासरी दोनशे चोवीस. बाईंनी दोनशे वीसच लिहायला लावलं, खाली राहिलेलं बरं म्हणाल्या. आणि हे मुद्दाम लिहितो की चौघांत सर्वांत लांब आमची लेक गेली, दोनशे त्रेचाळीस. तिचा पाय जड कधी नव्हताच. मी तिला तसं सांगितलं आणि माफी मागितली. ती म्हणाली, "अहो बाबा, जाऊ द्या हो," आणि माझी टोपी सरळ केली.

३१ जानेवारी, शनिवार

आज कामाचा शेवटचा दिवस. बाईंनी स्वतः सांगितलं, पुढे यंत्रावर आणि साध्या माणसांकडूनच मोजणार, तुमच्यासाठी जागा उरली नाही. हे सांगताना त्या खिडकीबाहेर बघत होत्या. मीच म्हटलं, अहो, निवृत्त माणसाला तुम्ही परत कामाला लावलंत, वर तीन गाड्यांशी ओळख करून दिलीत, कमी आहे का? त्या म्हणाल्या, माझ्या भाचीला गाडी शिकायची आहे, रविवारी याल का? मी हो म्हटलं.

साहेबही खाली आले होते. हातात हात दिला, जरा अवघडूनच. म्हणाले, पाटी उद्या बदलतोय, आता बघू काय होतं ते. मी त्यांचेही आभार मानले. खोटं कशाला बोलू, हे सात महिने मला फार गोड गेले, आणि त्यात त्यांच्या कपबशीचाही वाटा होता.

घरी आलो तर हिने सगळे डबे धुऊन टेबलावर मांडून ठेवले होते. म्हणाली, "लावा, कसे लावायचे ते. यावेळी मी हलवणार नाही." दोन तास गेले त्यात.

१० फेब्रुवारी, मंगळवार

आठवडाभर लेक आली नाही. मला करमेना. ही म्हणाली, अहो, काम असेल. मला वाटलं, गाडी लावायची दुसरीकडे कुठे सोय झाली असेल, तर येणार कशाला? आणि मग त्या विचाराचीच लाज वाटली.

दुपारी तिचा फोन आला. खूप दिवसांनी तिचा आवाज असा मोकळा ऐकला. वरच्या दवाखान्यात चार्जर बसला. खात्याने नवी जाहिरात बघितली, दोनशे वीसचा आकडा बघितला, आणि म्हणाले, मग एवढ्यात वरच्या वस्त्या होणार कशा? आठ दिवसांत माणसं येऊन बसवून गेली. आज पहाटे निघाली ती हीटर लावूनच. दवाखान्यात गाडी भरून घेतली, सर्वांत लांबच्या घरी वेळेच्या आधी पोचली, मुलगा झाला, आई हसत होती. तपासणीला आलेल्या डॉक्टरबाईंनी तिला विचारलं म्हणे, हा चार्जर दोनदा मागूनही मिळाला नव्हता, तो आत्ता कुणामुळे आला?

मी विचारलं, "मग काय सांगितलंस?"

"खरं तेच," लेक म्हणाली. "म्हटलं, माझ्या बाबांनी आकडा कमी केला."

फोन हिच्या हातात दिला आणि अंगणात जाऊन उभा राहिलो.